न वाचलेल्या पुस्तकांचं वर्ष: रोज एक फर्मा

पुण्यात वाचणाऱ्याच्या घरी न वाचलेली पुस्तकं साठतातच. अप्पा बळवंत चौकात मुलांच्या वह्या घ्यायला गेलं तरी दोन कादंबऱ्या पिशवीत येतात. प्रदर्शनात सवलतीचा फलक दिसला की चार येतात. वाढदिवसाला कुणी देतं, घर बदलताना एखादी मावशी खोकं भरून पाठवते. घेताना प्रत्येक पुस्तक वाचायचंच असतं. मग ते कपाटात उभं राहतं, त्याच्यापुढे दुसरी रांग लागते, आणि मागच्या रांगेत काय आहे हे घरातल्या कुणालाच आठवेनासं होतं.

ही साठलेली पुस्तकं वर्षभरात मार्गी लागू शकतात. सगळी वाचून होणार नाहीत, हे आधीच सांगते. पण वर्ष संपेल तेव्हा प्रत्येक पुस्तकाचं काहीतरी ठरलेलं असेल: हे वाचलं, हे पुढच्या वर्षी, हे आता दुसऱ्या कुणाचं. या ठरवण्यात निम्मं काम आहे, आणि आपण नेमकं तेच टाळत असतो. वाचायचा वेग वाढवायच्या युक्त्या शोधण्यापेक्षा काय वाचायचं नाही हे एकदा मनाशी पक्कं केलं, तर ढीग कितीतरी लवकर हलतो. उरलेल्या पुस्तकांना रोजचं एक माप लागतं. ते माप छापखान्यातूनच घेऊ.

फर्मा म्हणजे काय आणि तोच का

पुस्तक एकेका पानानं छापत नाहीत. मोठ्या कागदावर दोन्ही बाजूंनी पानं छापली जातात, तो कागद घडी घालून दुमडला जातो, आणि त्या घडीला फर्मा म्हणतात. मराठी पुस्तकांत एक फर्मा बहुधा १६ पानांचा असतो. म्हणून तर पुस्तकांची पानं १२८, १६०, १९२, २०८, २४० अशी असतात.

घरातलं एखादं पक्क्या बांधणीचं जुनं पुस्तक घ्या आणि वरून, पाठीच्या टोकाकडे बघा. कागदाच्या लहान लहान जुड्या शेजारी शेजारी बसवलेल्या दिसतील. तो एकेक फर्मा. आता पुस्तक उघडून पानं चाळत जा. ठरावीक अंतरानं दोन पानांच्या मधल्या खाचेत पांढरा दोरा दिसेल. फर्मा शिवलेला असतो तो त्याच्या मधोमध, म्हणजे त्याचं आठवं आणि नववं पान जिथं समोरासमोर येतं तिथं. हा दोरा आला की समजायचं, आजचं निम्मं झालं. हल्लीच्या बऱ्याच पुस्तकांची पाठ कापून डिंकानं चिकटवलेली असते, त्यांत दोरा नसतो; तिथं सरळ १६ पानं मोजायची आणि पेन्सिलीनं बारीकशी खूण करून ठेवायची.

रोज एक फर्मा. इतकंच माप. 'रोज एक तास' असं ठरवलं तर तासातली वीस मिनिटं चहा करण्यात आणि फोन बघण्यात जातात, तरी तास भरला असं वाटतं. 'आठवड्याला एक पुस्तक' असं ठरवलं की हात आपोआप बारीक पुस्तकांकडे जातो आणि जाडजूड पुस्तकं होती तिथंच राहतात. फर्म्याला जाड-बारीक असा भेद नाही. सहाशे पानांची ऐतिहासिक कादंबरीसुद्धा ३८ दिवसांचं काम आहे, हे कळलं की ती कपाटातून काढायची भीती जाते. आपल्याकडे पोथीचं पारायण करणारी माणसं शेकडो वर्षं हेच करत आली आहेत: ग्रंथ कितीही मोठा असो, रोजचा वाटा आधी ठरलेला.

कथा-कादंबरीचा फर्मा बहुतेकांना अर्धा ते पाऊण तास घेतो. इतिहास किंवा वैचारिक लेखन असेल तर जास्त. तुमचा आकडा तुम्हीच काढा. घड्याळ लावून वाचा आणि लिहून ठेवा. पुढच्या हिशेबाला तो लागेल.

पहिला रविवार: सगळं खाली काढा

कपाट, माळा, पलंगाखालचा कप्पा, ऑफिसची बॅग, गाडीची डिकी, टीव्हीखालचं खण, सगळीकडची न वाचलेली पुस्तकं एका खोलीत आणा. जमिनीवर जुनी चादर अंथरा, नाकाला रुमाल बांधा. अर्धवट वाचून सोडलेलीही यातच. फोनमधल्या आणि किंडलमधल्या पुस्तकांची यादी कागदावर उतरवून तो कागदही त्याच ढिगात ठेवा, कारण पैसे त्यांनाही पडलेत आणि वेळ तीही मागणार.

हे काम शक्यतो पावसाळ्यात करू नका. जूननंतर पुण्याच्या हवेत दमटपणा येतो, आणि तीन-चार महिने बंद असलेलं कपाट उघडलं की वास येतोच. कोरड्या दिवसांत पुस्तकं झटकून, पंख्याखाली सावलीत उघडून ठेवा. कडक उन्हात ठेवू नका, पुठ्ठे वाकतात आणि कागद पिवळा पडतो. चंदेरी, चपळ कसर दिसली, पानांच्या कडा कुरतडलेल्या दिसल्या, तर ते पुस्तक लगेच वेगळ्या प्लास्टिकच्या पिशवीत बंद करा. कसरीला बांधणीतली खळ आणि डिंक फार आवडतो, आणि एका पुस्तकातून ती शेजारच्यात जाते. कपाटामागच्या भिंतीवर मातीच्या बारीक रेघा दिसल्या तर ती वाळवी. मग पुस्तकांचं काम थांबवून आधी तिचा बंदोबस्त. कपाट परत लावताना भिंतीपासून चार बोटं पुढे ठेवा आणि कप्प्यांत वेखंडाचे तुकडे टाका. आमच्याकडे आजीच्या काळापासून वेखंडच आहे आणि माझा त्यावर विश्वास आहे.

खूप जुन्या पुस्तकांत कधीकधी पानांच्या दुमडलेल्या कडा कापलेल्याच नसतात. दोन पानं वरून किंवा बाजूनं जोडलेली. म्हणजे ते पुस्तक आजवर कुणीच वाचलेलं नाही. अशी पानं बोटानं फाडू नका, कागद वेडावाकडा फाटत आत मजकुरापर्यंत जातो. बोथट सुरी किंवा स्टीलची पट्टी घडीत सपाट सरकवायची आणि हळूहळू बाहेर ओढायची. मला हे काम मनापासून आवडतं, आणि असं पुस्तक मिळालं तर पुढे सांगितलेल्या चाळणीत काढून न टाकता ते वाचाच, अशी माझी विनंती आहे.

उसनी आधी परत

ढिगात इतरांची पुस्तकं निघतील. पहिल्या पानावर दुसऱ्याचं नाव, वाचनालयाचा शिक्का, कुणाच्या तरी लग्नातल्या आहेराची नोंद. ही वाचायच्या यादीत घेऊच नका. दोन आठवड्यांत परत. "काकू, फार दिवस राहिलं हो माझ्याकडे" एवढं म्हटलं की पुरतं, बहुतेक वेळा काकूंनाच आनंद होतो, आणि "अगं, वाचलंस का?" या प्रश्नाला "नाही, आता वाचनालयातून घेऊन वाचेन" हे उत्तर अगदी चालतं. वाचनालयाचं पुस्तक असेल तर विलंब आकार भरा आणि मोकळे व्हा. अनामत रकमेतून वळती करतात का, तेही विचारून घ्या.

हे आधी करायचं कारण सोपं आहे. दुसऱ्याचं पुस्तक घरात असलं की आपलं वाचतानाही त्याची टोचणी राहते.

चाळणी

उरलेल्यातून आधी ती बाजूला करा ज्यांना 'न वाचलेली' म्हणणंच चूक आहे. शब्दकोश, विश्वकोशाचे खंड, पाककृतींची पुस्तकं, प्रवासाची मार्गदर्शकं, स्तोत्रसंग्रह. ही लागतील तेव्हा उघडायची. कवितासंग्रहांनाही मी फर्म्याच्या हिशेबात धरत नाही. एक-दोन उशाशी ठेवावेत, रोज एखादी कविता वाचावी. कविता सोळा पानं सलग वाचली तर पाचव्या पानानंतर काहीच आत जात नाही.

बाकी प्रत्येक पुस्तकाला एक फर्मा द्या. फक्त एक, आणि तो मूळ मजकुराचा. मराठी पुस्तकांना दुसऱ्या कुणीतरी लिहिलेली लांबलचक प्रस्तावना असते, त्यात शेवटही सांगून टाकलेला असतो. ती सोडा, पुस्तक आवडलं तर शेवटी वाचा, तेव्हा ती खरोखर काहीतरी देते. लेखसंग्रह असेल तर पहिलाच लेख वाचायचं बंधन नाही, अनुक्रमणिकेत ज्याच्यावर नजर थांबते तो घ्या.

फर्मा संपला की स्वतःला एकच विचारायचं: सतरावं पान उलटावंसं वाटतंय का? चांगलं आहे का, गाजलेलं आहे का, पुरस्कार मिळालाय का, घरात असायला हवं का, हे प्रश्न इथं नकोत. सतरावं पान. हो असेल तर या वर्षीच्या रांगेत. नाही असेल तर जायच्या पिशवीत. 'आत्ता नाही, पण कधीतरी नक्की' असं मनापासून वाटलं तर एका खोक्यात, खोक्यावर तारीख घालून. हे खोकं एकच असू द्या. दुसरं खोकं लागायला लागलं की समजा, निर्णय पुढे ढकलणं सुरू झालंय.

एका दिवसात ही चाळणी होणार नाही. दीड-दोन महिने लागतील, लागू द्या. रोज एका पुस्तकाचा एक फर्मा, म्हणजे वाचन पहिल्या दिवसापासून सुरूच आहे.

सगळ्यात अवघड जातात ती आपण कधीकाळी कोण व्हायचं ठरवलं होतं त्याची पुस्तकं. स्पर्धा परीक्षेची तयारी करतानाचे जाड ग्रंथ, जर्मन शिकायला घेतलेला संच, ज्योतिष, शेअर बाजार, बोन्साय. त्यांना हात लावला की वाईट वाटतं. त्यांचाही एकेक फर्मा वाचा. ओढ अजून असेल तर लगेच कळतं. नसेल तर ती ओढ आज ज्याला आहे त्याच्याकडे ते पुस्तक जाऊ दे. सदाशिव पेठेतल्या अभ्यासिकांमध्ये तीच परीक्षा देणारी मुलं आज बसली आहेत. जुनी आवृत्ती असेल तर मात्र देण्याआधी अभ्यासक्रम बदललाय का ते बघा. कालबाह्य पुस्तक दिल्यानं कुणाचंच भलं होत नाही.

ज्यांनी भेट दिलं त्यांच्या हस्ताक्षरात दोन ओळी असतील, लेखकाची सही असेल, घरातल्या गेलेल्या माणसाचं नाव असेल, ते पुस्तक ठेवा. ते वाचलंच पाहिजे असंही नाही. त्याला वेगळा कप्पा द्या आणि यादीतून काढा.

वही आणि हिशेब

शंभर पानी साधी वही पुरे. पुस्तकाचं नाव, लेखक, पानं, फर्मे, आणि एक रकाना 'का घेतलं' असा. हा शेवटचा रकाना टाळू नका. 'सवलत होती', 'सगळे बोलत होते', 'बाबांच्या तोंडून नाव ऐकलं होतं' असं एकाखाली एक लिहीत गेलं की दोन पानांत आपल्या खरेदीची सवय डोळ्यांसमोर येते. 'बाबांच्या तोंडून' लिहिलेलं पुस्तक मी रांगेत पहिलं लावीन. 'सवलत होती' या कारणावर आलेली पुस्तकं चाळणीत फार टिकत नाहीत.

आता हिशेब. समजा चाळणीआधी ६० पुस्तकं आहेत आणि सरासरी २०८ पानं. म्हणजे प्रत्येकी १३ फर्मे, एकूण ७८०. वर्षाचे दिवस ३६५. पाहुणे, आजारपण, प्रवास, लग्नकार्य, परीक्षा यांत ६५ दिवस जाणार असं धरा. राहिले ३०० दिवस, ३०० फर्मे, म्हणजे २३ पुस्तकं. रोज दोन फर्मे वाचले तरी ४६. साठ होतच नाहीत. हा आकडा पाहिल्याशिवाय पुस्तक सोडवत नाही, म्हणून तो वहीच्या पहिल्या पानावर मोठ्या अक्षरांत लिहा. २३ हा तुमचा वर्षाचा शिधा. चाळणीतून पस्तीस निघाली असतील तर बारा आत्ताच तारीख घातलेल्या खोक्यात किंवा जायच्या पिशवीत जातील.

तेवीसची यादीही पूर्ण भरू नका. अठरा-एकोणीस नक्की करा, बाकी जागा मोकळी ठेवा. वर्षात एखादं पुस्तक असं हाती येतं की ते आत्ताच वाचायला हवं असतं, आणि त्याला जागा नसेल तर अख्खी योजना मोडते.

पुण्याचं वर्ष कसं वाटून घ्यायचं

एका महिन्यात दोन पुस्तकं असं सरळ गणित पुण्यात चालत नाही. इथं वर्षाला चढउतार आहेत आणि ते सगळ्यांना ठाऊक आहेत. त्यांच्या पोटात वाचन बसवायचं. मी गुढीपाडव्यापासून सुरुवात करायला सांगेन, कारण मार्चअखेरची धावपळ तोवर संपलेली किंवा संपत आलेली असते आणि पुढे मोठ्या दुपारी असतात. तुम्ही हे दुसऱ्या एखाद्या महिन्यात वाचत असाल तर तिथूनच चक्र धरा.

चैत्र-वैशाख जाडजूड पुस्तकांचा. एप्रिल-मे मध्ये दुपारी बाहेर पडवत नाही, मुलांना सुट्टी असते, खिडक्यांना पडदे ओढलेले असतात. यादीतली सगळ्यात मोठी दोन पुस्तकं इथं लावा आणि सुट्टीच्या दिवशी दोन फर्मे वाचा. खंडांत असलेलं पुस्तक असेल तर एकाच खंडाचं बोला. पहिला संपल्यावर दुसऱ्याचं ठरवू.

जूनमध्ये शाळा सुरू होतात, गणवेश, छत्र्या, रिक्षावाले काका, आणि त्याच सुमारास पालख्या येतात. पालख्यांचा मुक्काम असतो त्या दोन दिवसांत शहराचा मध्यभाग माणसांनी भरून जातो. संतसाहित्यावरचं एखादं पुस्तक घरात वर्षानुवर्षं असेल तर ते काढायला यापेक्षा चांगली वेळ नाही. रोज थोडं, आषाढी एकादशीपर्यंत. जुलै-ऑगस्टच्या पावसाळी संध्याकाळी कथा, रहस्यकथा, प्रवासवर्णनं, जे भराभर पुढे जातं ते. पुस्तक ओल्या बॅगेत राहू देऊ नका.

गणपतीचे दहा दिवस कोरे सोडा. आरत्या, पाहुणे, बंद रस्ते, ढोल. कुणी कितीही म्हणो, वाचन होत नाही, आणि होऊ नये असंही मला वाटतं. ते दिवस सुट्टीच्या ६५ मध्ये आधीच धरलेत.

आणि मग पितृपक्ष. वाचणाऱ्यासाठी वर्षातला सगळ्यात मोलाचा पंधरवडा हाच. लग्नं नाहीत, मुंजी नाहीत, वास्तुशांती नाहीत, सोनं-गाडी-घराची खरेदी नाही, त्यामुळे बोलावणीही नाहीत. गणपतीनंतर शहर दमलेलं असतं. ज्या पुस्तकाला सलग लक्ष लागतं, इतिहासाचं, तत्त्वज्ञानाचं, अवघड भाषेतलं, ते या पंधरवड्यासाठी राखून ठेवा. घरातल्या ज्येष्ठांनी मागे ठेवलेलं एखादं पुस्तक असेल तर ते या दिवसांत वाचण्यात मला फार अर्थ वाटतो.

१५ ऑक्टोबर, डॉ. ए. पी. जे. अब्दुल कलाम यांचा जन्मदिवस, राज्यात वाचन प्रेरणा दिन म्हणून पाळतात. वहीचा आढावा घ्यायला ही तारीख सोयीची. पाडव्यापासून सहा महिने झालेले असतात.

दिवाळी आली की दिवाळी अंक. १९०९ साली 'मनोरंजन'नं सुरू केलेली ही प्रथा आपल्या वाचनाचा इतका मोठा भाग आहे की अंक घ्यायचेच नाहीत असा नियम मी कुणालाच सांगणार नाही. पण मागच्या तीन वर्षांचे अंक अजून दोरीनं बांधलेले पडले असतील तर त्यांचंही काही करायला हवं. नवे दोन, फार तर तीन घ्या. अंक पुस्तकासारखा पहिल्या पानापासून वाचायचा नसतो: अनुक्रमणिकेत तीन गोष्टींवर खूण करा, त्या वाचा, आणि संक्रांतीपर्यंत अंक पुढे द्या. जुन्यांतून एखादी आवडलेली कथा किंवा लेख असेल तर त्या पानांचा फोटो काढून ठेवा आणि बाकीचे बांधून वाचनालयाला विचारा.

डिसेंबरात लग्नं, सवाईचा संगीत महोत्सव, आणि २०२३ पासून फर्ग्युसनच्या मैदानावर होणारा पुणे पुस्तक महोत्सव. जा, अवश्य जा. फक्त वही बरोबर न्या. जानेवारी-फेब्रुवारीतल्या थंड सकाळी यादीतली राहिलेली मधल्या आकाराची पुस्तकं भराभर संपतात. २७ फेब्रुवारीला मराठी भाषा गौरव दिनाच्या निमित्तानं दुकानांत सवलती लागतात, तेव्हा परत वही काढा. मार्चला फारसं काही मागू नका.

दिवसातला फर्मा कुठं बसतो

एका बैठकीत सोळा पानं होतील असं नाही. म्हणूनच तो मधला दोरा कामाचा. आठ पानं सकाळी, आठ रात्री. वनाज ते रामवाडी किंवा पिंपरी ते स्वारगेट मेट्रोनं रोज जाणाऱ्याचा निम्मा फर्मा प्रवासात होतो, बसायला जागा मिळाली तर. त्यासाठी हलकं, कागदी बांधणीचं पुस्तक वेगळं ठेवा. जाड पुस्तक घरचं. एकाच वेळी दोनच पुस्तकं चालू: एक प्रवासातलं, एक घरातलं. तिसरं सुरू झालं की तिन्ही अर्धवट राहतात.

स्वयंपाक करताना, चालायला गेल्यावर ऐकायला मराठी श्राव्यपुस्तकं आता मिळतात. ढिगातलंच एखादं पुस्तक तिथं असेल आणि ते ऐकून झालं, तर वहीत 'वाचलं' अशीच नोंद करा. दुचाकी चालवताना कानात काहीही घालू नका.

रात्रीच्या आठ पानांना एकच शत्रू असतो. फोन चार्जिंगला दुसऱ्या खोलीत लावा. गजराचं साधं घड्याळ घ्या. याहून मोठा उपाय मला माहीत नाही.

दिवस बुडाला तर दुसऱ्या दिवशी दोन फर्मे वाचून भरपाई करू नका. दोन दिवसांची भरपाई होते, पाचव्या दिवशी ती कर्जासारखी वाटायला लागते आणि माणूस पुस्तकच बंद करतो. बुडालेला दिवस ६५ मधून वजा.

नवी पुस्तकं

'वर्षभर एकही पुस्तक घेणार नाही' ही शपथ घेऊ नका. पुण्यात राहून ती पाळणं कठीण आहे, आणि लेखक-प्रकाशक-दुकानदार टिकायचे तर आपण पुस्तकं विकत घेतलीच पाहिजेत. नियम एवढाच ठेवा: जे पुस्तक आज रात्री सुरू करणार ते घ्यायचं, आणि ते आलं की रांगेतली दोन पुस्तकं घराबाहेर जातील. दुकानात उभं राहून ही दोन कोणती हे नाव घेऊन सांगता आलं पाहिजे. आलं नाही तर पुस्तकाचं नाव वहीच्या शेवटच्या पानावर उतरवायचं. महिन्याभरानं ते नाव वाचून अजून हुरूप येत असेल तर निश्चिंत मनानं घ्या.

बाकीच्यांसाठी वाचनालय. पुणे नगर वाचन मंदिर १८४८ पासून आहे, नारायण पेठेतलं पुणे मराठी ग्रंथालय १९११ पासून. इतक्या पिढ्यांनी ज्या कपाटांतून पुस्तकं नेली ती कपाटं आपल्यासाठी उघडी असताना 'पुन्हा मिळेल न मिळेल' म्हणून पुस्तक घरी साठवायची गरज नाही. चाळणीच्या वेळीही हे लक्षात ठेवा: वाचनालयात जे सहज मिळतं ते सोडताना मन घट्ट करावं लागत नाही. या वर्षापुरती वर्गणी मात्र एका वेळी एकच पुस्तक मिळेल अशी घ्या, नाहीतर कपाटातला ढीग नुसता टेबलावर येईल.

जायची पिशवी

पिशवी दारापाशी ठेवा. माळ्यावर गेली की ती परत कपाटात येते. आधी ओळखीत विचारा, पण नेमकं विचारा: 'पुस्तकं हवीत का' असं न विचारता 'नाटकावरची तीन आहेत, तू नाटक करतेस, देऊ का' असं. सोसायटीत रिकामं शेल्फ असेल तर तिथं, शेजारच्या शाळेच्या किंवा गावाकडच्या वाचनालयात आधी फोन करून. त्यांना काय हवं हे त्यांना विचारावं. जागा त्यांच्याकडेही कमी असते. जुन्या पुस्तकांच्या दुकानदाराला चांगल्या स्थितीतली, मागणी असलेली द्या आणि तो सांगेल ती किंमत घ्या. रद्दीत जाईल ते फक्त भिजलेलं, बुरशी धरलेलं, पानं गळालेलं.

देण्याआधी प्रत्येक पुस्तक उलटं धरून झटका. बसची तिकिटं, पत्रं, पासपोर्ट फोटो, क्वचित नोटा निघतात. आपल्या पत्त्याची चिठ्ठी असेल तर काढा.

वर्ष संपताना

पाडव्याच्या आदल्या आठवड्यात वही घेऊन बसा. वाचलेल्यांपुढे एकेक ओळ लिहिलेली असेल तर उत्तम, नसेल तर आता लिहा. काय आवडलं आणि कुणाला द्यावंसं वाटतं. वाचून झालेली सगळी ठेवायची नसतात. परत उघडणार असाल तेवढी ठेवा.

रांगेतली जी राहिली ती पुढच्या यादीत वर घ्या. एकदाच. सलग दुसऱ्या वर्षीही जे पहिल्या फर्म्याच्या पुढे सरकलं नाही ते जायच्या पिशवीत. तारीख घातलेलं खोकं उघडा, आतल्या प्रत्येकाला पुन्हा एक फर्मा द्या, आणि या वेळी परत खोक्यात काहीही ठेवू नका: रांग किंवा पिशवी. 'का घेतलं' हा रकाना वरून खालपर्यंत वाचून काढा, आणि जी कारणं सगळ्यात जास्त वेळा पुस्तक न वाचता सोडायला लावून गेली ती नव्या वहीच्या पहिल्या पानावर, त्या मोठ्या आकड्याच्या खाली लिहा. तीच वही पुढच्या महोत्सवात बरोबर न्यायची आहे.